मुका पुंडलिक

पुंडलिकाच्या गोष्टीत बोलणे फार थोडे आहे. आईवडिलांना छळणारा मुलगा काशीच्या वाटेला लागतो. बायकोला सुखात नेतो, म्हाताऱ्यांना पायी चालवत आणतो. वाटेत कुक्कुट ऋषींच्या आश्रमात मुक्काम पडतो. पहाटेच्या अंधारात मळक्या लुगड्यांतल्या तीन बायका येतात, झाडलोट करतात, सडा घालतात, पाणी भरतात आणि काम उरकून निघतात तेव्हा लख्ख उजळलेल्या असतात. त्या गंगा, यमुना, सरस्वती. जगाची पापे धुऊन त्या मळतात आणि आईवडिलांची सेवा करणाऱ्या ऋषीच्या अंगणात पुन्हा स्वच्छ होतात. पुंडलिक हे बघतो आणि त्याचे आयुष्य वळते. पुढे साक्षात देव दारात उभा राहतो तेव्हा हा माणूस आईवडिलांचे पाय चेपत बसलेला असतो. एक हात पायांवर, दुसऱ्या हाताने मागे वीट सरकवतो. देव त्या विटेवर उभा राहतो आणि थांबतो.

भोपाळच्या पिपलानीत ही गोष्ट आजीच्या तोंडून ऐकत वाढलेली माणसे आहेत. १ नोव्हेंबर १९५६ ला नवा मध्य प्रदेश झाला, राजधानी नागपूरहून भोपाळला गेली, आणि तिच्यामागून कितीतरी मराठी कारकुनांचे संसार गेले. त्याच वर्षी हेवी इलेक्ट्रिकल्सची, म्हणजे आजच्या ‘भेल’ची, स्थापना झाली. १९६० मध्ये पंडित नेहरूंनी कारखाना राष्ट्राला अर्पण केला. कारखान्याच्या आधाराने पिपलानी, बरखेडा, गोविंदपुरा ही वस्ती फुलली आणि देशभरातून आलेल्या कामगारांत मराठी माणसेही तिथे रुजली. तिसऱ्या पिढीची शाळा हिंदीत किंवा इंग्रजीत, खेळ हिंदीत, भांडण हिंदीत. मराठी उरली ती देवघरात, आरतीत आणि आजीच्या गोष्टीत. अशा घरातल्या नातवासमोर पुंडलिकाचे नुसते चित्र ठेवले, शब्द एकही दिला नाही, तर त्याच्यापर्यंत काय पोहोचेल? हा प्रश्न आजचा वाटतो, पण मराठी माणसांनी तो एकदा पडद्यावरच मांडून पाहिला आहे. त्या प्रयोगाला शंभराहून अधिक वर्षे झाली.

१८ मे १९१२. मुंबईच्या गिरगावातले कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफ. पडद्यावर ‘श्री पुंडलिक’. रामचंद्र गोपाळ उर्फ दादासाहेब तोरणे, नानासाहेब चित्रे आणि नाटककार रामराव कीर्तिकर यांनी मिळून श्रीपाद संगीत नाटक मंडळीचे रंगभूमीवरचे नाटक कॅमेऱ्यात धरले होते. कॅमेरा बोर्न अँड शेफर्ड कंपनीचा, तो चालवणारा जॉन्सन नावाचा गोरा माणूस, आणि फिल्म धुण्यासाठी लंडनला गेलेली. लांबी सुमारे बावीस मिनिटांची. कॉरोनेशनवर ते दोनेक आठवडे चालले. मुंबईतल्या निम्म्या हिंदूंनी चित्र पाहिले, उरलेल्या निम्म्यांनीही पाहावे, असा दावा जाहिरातीत होता. जाहिरातीची भाषा तशी असते, पण गर्दी झाली हे त्यातून कळते.

याच चित्रामुळे भारतातला पहिला चित्रपट कोणता हा वाद अजून निघतो. तोरणे यांना तो मान का मिळाला नाही याची कारणे ठरलेली आहेत: कॅमेरामन परदेशी, प्रक्रिया परदेशात, आणि मुख्य म्हणजे ते ‘नुसते चित्रित केलेले नाटक’ होते. म्हणून मान जातो दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ला, ३ मे १९१३ ला, त्याच कॉरोनेशनमध्ये. पहिलेपणाचा निवाडा इतिहासकारांनी करावा. ‘नुसते चित्रित केलेले नाटक’ या शब्दांपाशी मात्र थांबायला हवे, कारण ज्या नाटकाचे चित्र घेतले ते संगीत नाटक होते. ३१ ऑक्टोबर १८८० ला अण्णासाहेब किर्लोस्करांचे ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आले तेव्हापासून मराठी नाटक म्हणजे आधी गाणे. पदाला वन्समोर, पदासाठी रात्र रात्र जागरण. कॅमेऱ्याने त्यातली पदे, संवाद, पेटी आणि तबला असे सगळे काढून घेतले. उरली ती हलणारी माणसे. आणि जो संप्रदाय नाम हेच साधन मानतो, ज्याचे दैवत टाळमृदंगाच्या गजरात भेटते, त्या संप्रदायाचा आद्य भक्त नेमका मुका होऊन पडद्यावर आला.

यात भक्ती गेली का राहिली?

हाच प्रश्न त्या काळात स्पेनमध्येही पडद्यावर आला होता. तिथला सगळ्यांत लाडका रंगभूमीवरचा पापी म्हणजे दोन हुआन. सतराव्या शतकात तिर्सो दे मोलिना या मठवासी नाटककाराच्या नावावर असलेल्या नाटकात तो शेवटी थेट नरकात जातो: उशीर झाला, आता क्षमा नाही. होसे थोरिया या कवीने १८४४ मध्ये ‘दोन हुआन तेनोरियो’ लिहिले आणि निकाल फिरवला. त्याच्या नाटकात दोन हुआनवर प्रेम करून मेलेली दोन्या इनेस शेवटच्या क्षणी त्याला सोडवते. स्पेनमध्ये हे नाटक नोव्हेंबरच्या आरंभी, सर्व संतांच्या आणि पितरांच्या दिवसांत, वर्षानुवर्षे रंगत आले. (मराठी रंगभूमी दिन ५ नोव्हेंबरचा. एकाच आठवड्यात दोन दूरचे देश आपापल्या नाटकाला नमस्कार करतात.) १९०८ मध्ये बार्सेलोनाच्या हिस्पानो फिल्म्ससाठी रिकार्दो दे बान्योस आणि अल्बेर्तो मार्रो यांनी त्याचा मूकपट केला. बान्योस यांनी १९२२ मध्ये तो पुन्हा केला. फ्रुक्तुओस जेलाबेर्त यांनी १९०७ मध्ये आंजेल गिमेरा यांचे ‘तेर्रा बाइशा’ हे नाटक पडद्यावर आणले होते. पुढे १९२१ मध्ये होसे बुक्स यांनी ‘ला वेर्बेना दे ला पालोमा’ या गाजलेल्या संगीतिकेचा मूकपट केला, तेव्हा गाणे नसलेल्या चित्राला थिएटरात वाद्यवृंद बसवून संगीत द्यावे लागले. संगीत नाटकाचे मुके चित्र बघणाऱ्या गिरगावच्या प्रेक्षकाला ती अडचण लगेच समजली असती.

पण थोरियाच्या नाटकाचा शेवट नीट बघावा. ज्याला दोन हुआनने मारले त्या सरदाराचा, म्हणजे इनेसच्या बापाचा, दगडी पुतळा जिवंत होऊन त्याचा एक हात पकडतो आणि नरकाकडे ओढू लागतो. दोन हुआन गुडघे टेकतो आणि मोकळा राहिलेला दुसरा हात आकाशाकडे उचलतो. तो हात इनेस धरते. एक हात नरकाच्या पकडीत, दुसरा स्वर्गाच्या. मुक्तीचा सारा निवाडा तिथे दोन हातांत होतो. पद्ये सुंदर असतील, आहेतही, पण ती सगळी काढून घेतली तरी हे दृश्य उभे राहते.

पुंडलिकाचेही तेच. एक हात आईवडिलांच्या पायांवर, दुसरा विटेवर. दोन हुआन हात वर करतो तो स्वतःला वाचवण्यासाठी. पुंडलिक हात मागे नेतो तो देवाला थोपवण्यासाठी, कारण पुढे त्याला काम आहे. दोन धर्मांच्या दोन कथांमध्ये पश्चात्ताप हाताने दाखवावा लागला, हा योगायोग नसावा. पश्चात्ताप ही आतली गोष्ट. ‘मला पश्चात्ताप झाला’ हे वाक्य कोणीही म्हणू शकतो, दोन हुआनसारख्या बोलघेवड्याने तर बायकांना फसवण्यासाठी याहून गोड वाक्ये म्हटली होती. ज्याची जीभ आयुष्यभर खोटे बोलली त्याच्या तोंडून शेवटी आलेला शब्द देवाने खरा का मानावा? कॅथलिक परंपरेत पाप तोंडाने कबूल करायचे असते, धर्मगुरूपाशी. थोरियाच्या नायकाला तेवढी उसंत मिळत नाही. त्याला हाताच्या एका उचलण्यावर तरावे लागते, आणि म्हणूनच हा शेवट धर्मशास्त्राला पेलतो का यावर वाद होत आले.

वारकरी परंपरेला हा पेच इतका पडत नाही, कारण तिथे अनुतापाची खूण क्षणात शोधतच नाहीत. पुंडलिक वळला हे कशावरून? तर तो दुसऱ्या दिवशीही पाय चेपत होता, तिसऱ्या दिवशीही, आणि देव आला त्या दिवशीही. मूकपटाला हे दाखवणे सोपे आहे. पाय चेपणारा हात कॅमेऱ्यापुढे खोटे बोलत नाही. नाटकात कीर्तिकरांच्या पुंडलिकाला पदे गावी लागली असतील. पडद्यावर तो मुका झाला तेव्हा त्याच्या भक्तीतले जे सर्वांत मोलाचे, तेच उघडे पडले. शब्द गेल्याने पुंडलिकाचे नुकसान फार थोडे झाले, असेच म्हणावे लागते. तुकोबांची कथा किंवा जनाबाईची कथा मुकी केली असती तर अभंगच गेल्यामुळे हानी मोठी झाली असती. पहिल्या निवडीत पुंडलिक यावा, हे मराठी चित्रपटाचे भाग्यच.

इथे एक आक्षेप येतो आणि तो खोडून काढता येत नाही. कॉरोनेशनमध्ये बसलेला माणूस खरोखर शब्दाविना चित्र बघत होता का? त्याच्या कानात आजीची गोष्ट होती, कीर्तनकाराची आख्याने होती, नाटक पाहिले असेल तर पदेही होती. तो मनातल्या मनात सगळे म्हणत होता. पडदा मुका होता, प्रेक्षक मुका नव्हता.

मराठी रंगभूमीला दृश्य आणि शब्द यांची ही वाटणी जुनी. १८४३ मध्ये सांगलीत विष्णुदास भावे यांनी ‘सीतास्वयंवर’ केले तेव्हा पदे सूत्रधार गात असे. पात्रे अभिनय करत आणि वेळेला सुचेल तसे बोलत. कथा एकाच्या तोंडी, शरीर दुसऱ्याचे. सिंधुदुर्गातल्या पिंगुळीचे चित्रकथी तर अजून पुढे गेलेले: एकेक चित्र समोर धरायचे आणि गात गात रामायण-महाभारतातली कथा सांगायची. चित्र तिथे स्वतः काहीच बोलत नाही, सांगणारा त्याला बोलते करतो. स्पेनच्या मूकपट थिएटरांतही असा माणूस असे. त्याला ‘एक्सप्लिकादोर’ म्हणत, म्हणजे उलगडून सांगणारा. पडद्याशेजारी उभा राहून तो चाललेले सांगायचा, कारण अक्षरओळख थोड्यांनाच होती आणि चित्राची भाषा नवी होती. चित्रपट दिग्दर्शक लुइस बुन्युएलने आपल्या आठवणींत लहानपणीच्या सारागोसातल्या अशा माणसाचे वर्णन केले आहे. आपल्याकडे ज्याला वाचता येई तो पडद्यावरच्या पाट्या शेजाऱ्यांना मोठ्याने वाचून दाखवी. मूकपटाचे थिएटर कधी शांत नसायचेच.

म्हणजे दर्शन आणि श्रवण यांतले नाते असे की डोळ्यांना जे दिसले त्याला अर्थ कानांनी आधीच दिलेला असतो. नवविधा भक्तीत श्रवण पहिले येते ते उगाच नव्हे. पण म्हणून पडद्यावरचे चित्र दुय्यम ठरते का? फाळके यांनी या प्रश्नाचे उत्तर कागदावर दिले नाही, पडद्यावर दिले.

ते उत्तर १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये आहे. कृष्णाची भूमिका फाळके यांच्या लहानग्या मुलीने, मंदाकिनीने केली. चित्राच्या आरंभी देव येत नाही, ती मुलगी येते. कॅमेऱ्यासमोर तिचा चेहरा. ती हसते, रागावते, रडवेली होते, एकेक भाव करून दाखवते. अभिनय काय असतो हे प्रेक्षकाला जणू हातात देते. मग तीच मुलगी कृष्णाच्या वेषात दिसते. पुढे कथा सुरू होते आणि शेवटी ती कालियाच्या फणांवर उभी असते. फाळके यांनी काहीही लपवले नाही. हा देव नव्हे, माझी पोरगी आहे, हे आधी सांगून टाकले. तरीही प्रेक्षकाला कृष्ण भेटला. दोन वर्षांपूर्वी ‘लंका दहन’च्या वेळी तर पडद्यावर राम आला की लोक पायांतल्या वहाणा काढत, असे सांगतात. त्या चित्रात राम आणि सीता दोघेही अण्णा साळुंखे होते, एकच माणूस. प्रेक्षकाला हे माहीत असले काय, नसले काय, नमस्कार सुटत नव्हता.

याला भाबडेपणा म्हणून सोडून देणे बरोबर नाही. मातीच्या गणपतीत प्राणप्रतिष्ठा होते आणि दहा दिवसांनी तीच माती पाण्यात जाते. ज्या घरात हे दरवर्षी होते त्या घराला प्रतिमा आणि देव यांतला फरक शिकवायला नको. फरक ठाऊक असूनच ते हात जोडतात. ज्याने आधी मुलीचा चेहरा पाहिला आणि मग कृष्णाला नमस्कार केला तो प्रेक्षक मूर्तिपूजेचे सारे तत्त्वज्ञान जगत होता: रूप हे आधार, भाव आपला. त्र्यंबकेश्वरच्या भिक्षुकी परंपरेतून आलेले, शिळाछापावर देवांची चित्रे छापलेले फाळके हे जाणत होते. गिरगावातच ख्रिस्ताच्या जीवनावरचा परदेशी मूकपट बघताना त्यांच्या डोळ्यांसमोर राम आणि कृष्ण येत होते, हे त्यांनी पुढे स्वतः लिहून ठेवले. परक्या धर्माच्या मुक्या चित्राने त्यांच्या मनात आपले देव जागे केले. शब्द असते, तेही परभाषेतले, तर कदाचित इतके सहज घडले नसते.

मुके चित्र निरुपद्रवी असते, असेही कोणी समजू नये. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचे ‘कीचकवध’ १९०७ चे. त्यातला कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन, हे सगळ्यांनी ओळखले आणि सरकारने १९१० मध्ये नाटकावर बंदी घातली. दहा वर्षांनी, १९२० मध्ये, कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांनी तीच कथा ‘सैरंध्री’ म्हणून पडद्यावर आणली. खाडिलकरांचा धारदार शब्द आता नव्हता. पण भीम कीचकाला मारतो ते दृश्य इतके खरे वाटले की सेन्सॉरने त्यावर कात्री चालवली. लोकमान्यांनी पेंटर यांना ‘सिनेमा केसरी’ म्हटले. पुढच्याच वर्षी कोहिनूर कंपनीच्या ‘भक्त विदुर’मधला विदुर गांधीटोपी आणि खादीत दिसला, आणि मद्रास व कराचीत चित्रावर बंदी आली. महाभारतातला तो न्यायी म्हातारा एक अक्षर न बोलता सरकारला ऐकू गेला. ज्यांच्यावर राज्य करायचे त्यांच्या मनातले शब्द सरकारला ठाऊक होते, म्हणून मुक्या चित्राची भीती वाटली. श्रद्धा आणि राजकारण दोन्हीकडे गोष्ट एकच घडत होती: अर्थ पडद्यावर जितका होता त्याहून जास्त समोरच्या बाकांवर होता.

आणि बाकांवरचा तो साठा संपत आला तर?

‘श्री पुंडलिक’ची प्रत आज उरलेली नाही. ‘राजा हरिश्चंद्र’ची मूळ चार रिळे होती. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात पहिले आणि शेवटचे, एवढीच आहेत. ‘कालिया मर्दन’ बऱ्यापैकी शाबूत राहिले, म्हणून मंदाकिनीचा तो चेहरा आज मोबाइलवरही दिसतो. पिपलानीतल्या एखाद्या घरात एखादा नातू तो बघतो तेव्हा फिल्मचे नुकसान त्याला कळते, ओरखडे दिसतात, माणसे भराभर चालताना दिसतात. दुसरे नुकसान त्याला कळत नाही. यमुनेच्या डोहाची गोष्ट त्याने ऐकलेली नसेल तर पडद्यावर एक मुलगी एका खोट्या सापावर नाचते, इतकेच त्याला दिसेल. १९१९ च्या प्रेक्षकापुढे तेच चित्र होते, तीच मुलगी, तोच साप. त्या प्रेक्षकासाठी ते मूकपट नव्हते. या मुलासाठी ते खरोखर मुके आहे.

दोष त्या मुलाचा नाही. घरी बोलणाऱ्यांची संख्या कमी झाली, आजीचे घर लांब गेले, कीर्तन ऐकायला संध्याकाळ मोकळी राहिली नाही. पण उपाय अवघड नाही आणि त्याला मंडळ, निधी, सभागृह काही लागत नाही. एक्सप्लिकादोर लागतो. चित्रकथी लागतो. तो प्रत्येक घरात निदान एक असतोच, बहुतेक वेळा सत्तरीच्या पुढचा आणि कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसलेला.

येत्या आषाढीला उपवासाची भगर आणि दाण्याची आमटी झाली की मोबाइलवर ‘कालिया मर्दन’ लावा. मुलाला शेजारी बसवा, आवाज नाहीच आहे, तेव्हा आवाज तुम्ही द्या. मराठीत सांगा, अडला तिथे हिंदीचा आधार घ्या, पण कृष्णाची हाक, यशोदेचा जीव वरखाली होणे, गोपांची धांदल हे मराठीतच येऊ द्या. आणि चित्र संपल्यावर, ज्याचे चित्र आता जगात कुठेच नाही त्या पुंडलिकाची गोष्ट सांगा. वीट मागे सरकवणारा हात मुलाला तुमच्या हाताने करून दाखवा.